विश्लेषण : दरवर्षी उपटूनही गाजर गवत पुन्हा का उगवते?

पावसाळा सुरू होऊन महिना-दीड महिना झाला की महाराष्ट्रातील रस्त्यांच्या कडा, शेताचे बांध, रिकामे प्लॉट आणि सोसायट्यांच्या कुंपणालगतच्या पट्ट्या पांढऱ्या बारीक फुलांनी भरून जातात. हे गाजर गवत. कोणी त्याला काँग्रेस गवत म्हणतात, कोणी चटक चांदणी. दरवर्षी ते उपटले जाते, कापले जाते, त्यावर फवारणी होते, आणि पुढच्या वर्षी ते तितक्याच जोमाने परत येते. मेहनत वाया का जाते? अडचण उपटण्यात आहे, की उपटण्याच्या वेळेत?

हे गवत आले कुठून?

गाजर गवताचे शास्त्रीय नाव पार्थेनियम हिस्टेरोफोरस. पाने गाजराच्या पानांसारखी म्हणून ते ‘गाजर’, आणि लोकांच्या तोंडी ‘गवत’. प्रत्यक्षात ते गवत नाही. सूर्यफूल, झेंडू, शेवंती यांच्या कुळातील ही वनस्पती मूळची मेक्सिकोचे आखात आणि त्याभोवतीच्या उष्ण प्रदेशातील आहे.

भारतातील त्याच्या प्रसाराची गोष्ट पुण्यापासून सुरू होते. वनस्पतिशास्त्रज्ञ आर. एस. राव यांनी पुण्यात आढळलेल्या या वनस्पतीची नोंद १९५६ मध्ये बॉम्बे नॅचरल हिस्ट्री सोसायटीच्या नियतकालिकात प्रसिद्ध केली. अमेरिकेतून ‘पीएल-४८०’ योजनेखाली आलेल्या गव्हातून त्याचे बी आले, असे सर्रास सांगितले जाते. काँग्रेस सरकारच्या काळात आले म्हणून किंवा फुले पांढऱ्या टोपीसारखी दिसतात म्हणून ‘काँग्रेस गवत’ हे नाव पडले, असेही म्हणतात.

मात्र तारखा पाहिल्या तर ही गोष्ट इतकी सरळ राहत नाही. भारताचा पीएल-४८० खालील पहिला करार ऑगस्ट १९५६ चा आहे, म्हणजे पुण्यात हे झाड दिसल्यानंतरचा. अमेरिकी गहू त्याआधी, १९५१ च्या मदतीतूनही आला होता. शिवाय विल्यम रॉक्सबर्ग यांच्या १८१४ मधील कोलकाता वनस्पती उद्यानाच्या यादीतही या वनस्पतीचे नाव सापडते. तेव्हा ही वनस्पती देशात पूर्वीही येऊन गेली असावी. देशभर पसरणारे तण म्हणून मात्र ती पुढे आली ती १९५० च्या दशकानंतरच. आज देशात सुमारे साडेतीन कोटी हेक्टर क्षेत्रावर तिचा कमी-अधिक प्रादुर्भाव असल्याचा अंदाज दिला जातो.

इतक्या वेगाने ते पसरते कसे?

याचे उत्तर बियांच्या संख्येत आणि झाडाच्या घाईत आहे. एक चांगले वाढलेले झाड साधारण ५ हजार ते २५ हजार बिया तयार करते. ओल मिळाली की बी वर्षभरात केव्हाही उगवते. उगवल्यापासून चार ते आठ आठवड्यांत झाड फुलावर येते आणि तीन-चार महिन्यांत त्याचे आयुष्यचक्र पूर्ण होते. त्यामुळे पाणी मिळणाऱ्या जागी एका वर्षात त्याच्या तीन-चार पिढ्या होऊ शकतात.

साधा हिशेब करून पाहता येतो. घरामागच्या जागेत केवळ २० झाडे फुलेपर्यंत राहिली आणि प्रत्येकाने १० हजार बिया टाकल्या, तर जमिनीत दोन लाख बिया पडल्या. त्यातल्या शंभरात एकच उगवली तरी पुढच्या खेपेला दोन हजार झाडे उभी राहतात.

बी इतके हलके असते की वाहते पाणी, गाड्यांच्या चाकांना लागलेला चिखल, जनावरांचे खूर, बांधकामाची वाळू, भरावाची माती आणि नीट न कुजलेले शेणखत या सगळ्यांबरोबर ते प्रवास करते. शहरातील बागेत ते बहुतेक वेळा वाऱ्याने नव्हे, तर बाहेरून आणलेल्या माती-खताच्या पोत्यातून येते.

जमिनीत पडलेले सगळे बी लगेच उगवत नाही. पृष्ठभागावरचे बी तुलनेने लवकर संपते, पण मातीखाली गाडले गेलेले बी कित्येक वर्षे जिवंत राहते. ऑस्ट्रेलियातील अभ्यासात काही सेंटीमीटर खोल पुरलेल्या बियांपैकी निम्म्याहून अधिक बिया दोन वर्षांनंतरही उगवण्याजोग्या होत्या. याचा अर्थ, फुललेले गाजर गवत नांगरून जमिनीत गाडणे म्हणजे त्याच्या बिया तिजोरीत ठेवणे. पुढच्या नांगरणीला त्या वर येतात आणि उगवतात. ‘मागच्या वर्षी तर सगळे साफ केले होते’ ही तक्रार म्हणूनच ऐकू येते. साफ झाली ती झाडे. बियांचा साठा तसाच राहिला.

पिकांचे नुकसान नेमके कसे होते?

पाणी, अन्नद्रव्ये आणि जागा यांसाठीची स्पर्धा तर कोणतेही तण करते. गाजर गवत त्यापुढे जाते. त्याच्या पानांतून, मुळांतून आणि कुजणाऱ्या अवशेषांतून पार्थेनिन व इतर रसायने जमिनीत मिसळतात आणि शेजारच्या वनस्पतींची उगवण व वाढ रोखतात. टोमॅटो, वांगी, मिरची, घेवडा यांच्या फुलांवर त्याचे परागकण पडले तर फळधारणा घटते, हेही प्रयोगांत दिसले आहे.

आणखी मोठे नुकसान डोळ्यांना दिसत नाही. बांधावरचे गाजर गवत हे कीड-रोगांचे बिऱ्हाड असते. कपाशीवरील पिठ्या ढेकूण शेतात पीक नसताना या झाडांवर तग धरतो आणि नवी कपाशी उभी राहिली की तिच्यावर जातो. सूर्यफुलावरील नेक्रोसिस आणि भुईमुगावरील खोडाचा नेक्रोसिस हे रोग ज्या विषाणूमुळे होतात, त्या टोबॅको स्ट्रीक विषाणूचे हे झाड वाहक आहे. झाडावर स्वतः रोगाची लक्षणे दिसत नाहीत, पण त्याच्या परागकणांत विषाणू असतो आणि फुलकिडे ते परागकण पिकावर पोहोचवतात. आंध्र प्रदेशातील अनंतपूर जिल्ह्यात २००० साली भुईमुगावर या रोगाची मोठी साथ आली होती आणि सुमारे सव्वादोन लाख हेक्टर क्षेत्राला तिची झळ बसली होती.

थोडक्यात, शेत स्वच्छ आणि बांध फुललेला असेल तर शेत सुरक्षित नाही.

माणसांना आणि जनावरांना काय धोका?

गाजर गवतामुळे होणाऱ्या त्वचारोगाची वैद्यकीय नोंदही पुण्यातूनच पुढे आली. १९७० च्या दशकात येथील रुग्णांवरील निरीक्षणे वैद्यकीय नियतकालिकांत प्रसिद्ध झाली. कारण तेच, पार्थेनिन. वारंवार संपर्क आल्यावर काहींच्या शरीरात त्याची ॲलर्जी तयार होते. मग चेहरा, पापण्या, मान, कोपराच्या व गुडघ्याच्या खोबणी अशा ठिकाणी खाज, लाली, पुरळ येते आणि पुढे कातडी जाड व काळपट पडते. झाडाला थेट हात लावण्याचीही गरज नसते. वाळलेल्या झाडाचे हवेत उडणारे सूक्ष्म कणही पुरेसे असतात. परागकणांमुळे शिंका, वाहते नाक आणि दम्याचा त्रासही होतो.

ही ॲलर्जी एकदा जडली की सहसा कायमची राहते. काही रुग्णांना पुढे शेवंती, सूर्यफूल अशा त्याच कुळातील इतर वनस्पतींचाही त्रास होऊ लागतो. सर्वांत जास्त धोका आहे तो रोज उघड्या हातांनी खुरपणी, निंदणी करणाऱ्या मजुरांना, सफाई कामगारांना आणि माळीकाम करणाऱ्यांना. ज्यांच्या हाताने हे तण निघते, त्यांनाच हातमोजे मिळत नाहीत, हे चित्र अजून बदललेले नाही.

जनावरे हे झाड सहसा टाळतात. पण चारा टंचाईत ते पोटात गेल्यास दुधाला कडवट चव येते आणि मोठ्या प्रमाणात गेल्यास त्वचेवर व आतड्यांवर परिणाम होऊन जीवावरही बेतू शकते.

मग उपटायचे केव्हा?

फुले दिसण्याच्या आधी. सगळ्या उपायांचे यश या एका गोष्टीवर ठरते.

गाजर गवत कोवळे असताना जमिनीलगत पानांचा गोल झुपका धरते. झेंडू-शेवंतीच्या रोपांसारखे दिसत असल्याने अनेकदा ते तसेच राहून जाते. नंतर मधून दांडा वर येतो, त्याला फांद्या फुटतात आणि फुले येतात. झुपक्याच्या अवस्थेत, जमीन ओली असताना ते मुळासकट सहज निघते आणि त्या वेळी त्याच्याकडे टाकायला बीही नसते.

जबलपूर येथील तण संशोधन संचालनालयाच्या पुढाकाराने दरवर्षी १६ ते २२ ऑगस्ट हा गाजर गवत जागृती सप्ताह पाळला जातो. जागृतीसाठी तो उपयोगी आहे, पण कामाची तारीख म्हणून त्याची वाट पाहणे महागात पडते. जूनच्या दुसऱ्या आठवड्यात पाऊस झाला तर त्या पावसावर उगवलेली झाडे जुलैच्या मध्यापासून फुलू लागतात. ऑगस्टच्या मध्यापर्यंत त्यातली बरीच बी टाकण्याच्या बेतात असतात. म्हणून मोजणी दिनदर्शिकेवरून नाही, तर पावसावरून करावी :

• पहिला चांगला पाऊस झाल्यावर तीन ते चार आठवड्यांत पहिली फेरी.

• त्यानंतर पावसाळा संपेपर्यंत दर तीन-चार आठवड्यांनी एक फेरी. प्रत्येक फेरीत झाडे कमी होत जातात.

• ओलिताच्या शेतात, पाटाच्या कडेला आणि बागेत हिवाळा-उन्हाळ्यातही लक्ष ठेवावे. ओल असेल तेथे ते उगवतेच.

• हातमोजे, पूर्ण बाह्यांचे कपडे आणि तोंडावर मास्क किंवा रुमाल हवाच. काम झाल्यावर हात-तोंड साबणाने धुऊन कपडे वेगळे धुवावेत. ॲलर्जी किंवा दमा असलेल्यांनी हे काम करू नये.

• झाड फुललेले असेल तर आधी शेंडा प्लास्टिकच्या पिशवीत धरावा, मग उपटावे, म्हणजे बी सांडत नाही.

• नुसते वरून कापू नये. कापलेल्या बुंध्याला जास्त फांद्या फुटतात आणि झाड पुन्हा, बुटकेपणीच फुलते. रस्त्याकडेला यंत्राने छाटणी केल्यानंतर काही आठवड्यांत पुन्हा पांढरा गालिचा दिसतो तो यामुळेच.

उपटलेल्या गवताचे काय करायचे?

फुले येण्यापूर्वीचे गाजर गवत हा उत्तम हिरवा कचरा आहे. बांधावर ढीग टाकून देण्यापेक्षा त्याचे खत करता येते. येथे एक काळजी घ्यावी लागते. यवतमाळ जिल्ह्यातील पुसदचे नारायण देवताव पांढरीपांडे यांच्या नावाने ओळखली जाणारी ‘नाडेप’ पद्धत महाराष्ट्रात सर्वपरिचित आहे. पण जाळीदार विटांच्या त्या टाक्यात कडेच्या थरांना पुरेशी उष्णता मिळत नाही आणि फुललेले गवत टाकले असेल तर त्यातले बी जिवंत राहू शकते. असे खत शेतात टाकणे म्हणजे स्वतःच्या हाताने पेरणी करणे.

त्यामुळे तण संशोधन संचालनालय गाजर गवतासाठी जमिनीतील बंद खड्ड्याची शिफारस करते. साधारण ३ फूट खोल, ६ फूट रुंद, १० फूट लांब खड्डा घ्यायचा. गवत, शेणाचे पाणी आणि माती असे थर चांगले दाबून भरायचे. वरून शेण-मातीचा लेप देऊन तोंड हवाबंद करायचे. चार-पाच महिन्यांत खत तयार होते. खड्डा पाणी साचणार नाही अशा उंच जागी हवा. तयार खत चाळून घ्यावे.

घरच्या बागेत एवढे शक्य नसेल, तर न फुललेली झाडे उन्हात वाळवून झाडांच्या बुंध्याशी न टाकता कंपोस्टच्या डब्यात आतल्या बाजूला दाबावीत. फुललेली झाडे डब्यात टाकू नयेत, पिशवीत बंद करून कचऱ्यात द्यावीत.

भुंगा आणि टाकळा खरेच मदत करतात का?

करतात, पण आपापल्या जागी.

मेक्सिकन भुंगा (झायगोग्रामा बायकोलोराटा) १९८३ मध्ये मेक्सिकोतून बंगळूरूत आणला गेला. तपासण्यांनंतर १९८४ मध्ये तो प्रथम मोकळा सोडण्यात आला. पांढुरक्या पाठीवर काळसर रेषा असलेला हा छोटा भुंगा आणि त्याच्या अळ्या गाजर गवताची पाने आणि कोवळे शेंडे खातात. संख्या पुरेशी झाली तर उभे झाड पानांविना राहते आणि फुले कमी येतात. १९९० च्या दशकाच्या सुरुवातीला तो सूर्यफूल खातो अशी ओरड झाली होती. चौकशीअंती सूर्यफुलाला त्याचा गंभीर धोका नसल्याचा निष्कर्ष निघाला.

त्याच्या मर्यादा मात्र लक्षात घ्यायला हव्यात. भुंगा काम करतो ते पावसाळ्यात. उरलेला बराच काळ तो जमिनीत सुप्तावस्थेत असतो. त्यामुळे सतत नांगरणी-फवारणी होणाऱ्या शेतापेक्षा गायरान, पडीक जमीन, रेल्वे आणि कालव्याच्या कडा या त्याच्या जागा. एकदा सोडल्यावर जम बसायला काही वर्षे लागतात. भुंगे कृषी विद्यापीठे किंवा कृषी विज्ञान केंद्रांत चौकशी करून मिळवता येतात. जेथे भुंगा आधीच दिसत असेल तेथे तणनाशक मारू नये.

दुसरा मदतनीस आपल्या ओळखीचा आहे. कोकणात ज्याची पावसाळी भाजी होते तो टाकळा, विदर्भातला तरोटा. त्याची वाढ वेगवान आणि दाट असते, त्यामुळे गाजर गवताला जागाच मिळत नाही. ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये टाकळ्याच्या शेंगांतून बी गोळा करायचे आणि पावसाच्या तोंडावर ते पडीक जागेत फोकून टाकायचे. बागेत हेच काम दाट लावलेला झेंडू करतो. गाजर गवताला सर्वांत आवडते ती उघडी जमीन. म्हणून उपटून मोकळी केलेली जागा तशीच सोडली तर काम अर्धेच झाले. तेथे काही तरी लावावे किंवा पालापाचोळ्याचे जाड आच्छादन तरी द्यावे.

तणनाशक कधी वापरावे?

इतर उपाय शक्य नसतील तेव्हा, आणि तेही फुलण्यापूर्वी. फुललेल्या झाडावर फवारणी केली तर झाड वाळते, पण तयार झालेले बी जमिनीवर पडतेच.

पडीक जागेत ग्लायफोसेट किंवा मेट्रीब्युझिनची शिफारस केली जाते. ग्लायफोसेट समोर येईल ती हिरवी वनस्पती मारते, म्हणजे टाकळा आणि चांगले गवतही. मग उघड्या पडलेल्या जमिनीवर पुन्हा पहिले येते ते गाजर गवतच. शिवाय केंद्र सरकारच्या ऑक्टोबर २०२२ च्या अधिसूचनेने ग्लायफोसेटचा वापर परवानाधारक कीड नियंत्रण चालकांपुरता मर्यादित केला होता. ‘२,४-डी’ वापरताना वाऱ्याची दिशा पाहणे अत्यावश्यक आहे. त्याचा उडालेला फवाराही शेजारची कपाशी आणि द्राक्षबाग बिघडवू शकतो. उभ्या पिकात कोणते तणनाशक चालेल हे पिकागणिक बदलते, त्यामुळे सहायक कृषी अधिकारी किंवा कृषी विज्ञान केंद्राचा सल्ला आणि डब्यावरील सूचना यांबाहेर जाऊ नये.

मिठाचे १५ ते २० टक्के द्रावण, म्हणजे लिटरभर पाण्यात १५० ते २०० ग्रॅम मीठ, हाही उपाय सुचवला जातो. तो फरशीच्या फटी, खडकाळ कडा, पार्किंगची जागा एवढ्यापुरता ठीक आहे. शेतात, वाफ्यात, झाडांच्या मुळांशी किंवा विहिरीजवळ मीठ टाकल्यास जमीन खराब होते.

एकट्याने केलेले प्रयत्न पुरतात का?

स्वतःच्या वाफ्यापुरते पुरतात, गावापुरते नाही. गाजर गवताचा सर्वांत मोठा आश्रय म्हणजे कोणाचीच नसलेली जागा. दोन शेतांमधला बांध, रस्त्याची साइडपट्टी, कालव्याचा काठ, बंद पडलेला प्लॉट, स्मशानभूमी, शाळेच्या भिंतीमागची पट्टी अशा जागांतून बी पुन्हा शेतात आणि बागेत येते. कायद्याचा मार्गही वापरून झाला आहे. कर्नाटकाने १९७५ मध्येच गाजर गवताला उपद्रवी तण घोषित केले होते. तरीही ते तेथून गेले नाही, कारण आदेशाने झाड उपटले जात नाही आणि एका हंगामाच्या मोहिमेने जमिनीतले बी संपत नाही.

म्हणून ग्रामपंचायत, सोसायटी किंवा शाळा यांनी ठरवायचे असेल तर एक दिवसाच्या श्रमदानापेक्षा सलग तीन पावसाळ्यांचा कार्यक्रम ठरवावा. कोणती पट्टी कोणाची हे वाटून घ्यावे. पहिली फेरी पावसानंतरच्या महिन्याभरात व्हावी. कामगारांना हातमोजे द्यावेत. उपटलेल्या जागी टाकळा किंवा झेंडू पेरावा. नवे बी पडू दिले नाही तर जमिनीतला साठा दरवर्षी उगवून रिता होत जातो. पहिल्या वर्षी फरक जाणवत नाही आणि बहुतेक मोहिमा तेथेच थांबतात. दुसऱ्या-तिसऱ्या वर्षी हाताला येणारी झाडे कमी होऊ लागतात. पण एका वर्षी फेरी चुकली आणि मूठभर झाडे फुलली, की मोजणी पुन्हा पहिल्यापासून सुरू होते.